दहा पावलांत बदलणारी गोगलगाय

स्वीडनच्या पश्चिम किनाऱ्यावर, नॉर्वेच्या हद्दीजवळ, शार्नो नावाचं बेट आहे. आजूबाजूला लहानमोठ्या बेटांची गर्दी आणि पाण्यातून जेमतेम डोकं वर काढणारे असंख्य खडक. यांतल्या एखाद्या बेटाच्या काठाकाठाने चालत गेलं की किनारा सारखा रूप बदलतो. लाटांपासून आडोसा असलेल्या बाजूला धोंड्यांचा खच पडलेला असतो. थोडं पुढे गेलं की धोंडे संपतात आणि समुद्राला थेट तोंड देणारा उघडा कातळ लागतो. दोन्ही जागी एकच गोगलगाय राहते. तिचं शास्त्रीय नाव लिटोरिना सॅक्सॅटिलिस.

एकच म्हटलं खरं, पण धोंड्यांतली एक आणि कातळावरची एक अशा दोघी तळहातावर शेजारीशेजारी ठेवल्या, तर त्या एकाच प्रजातीच्या आहेत हे कुणाला पटायचं नाही. धोंड्यांतली साधारण सेंटिमीटर-सव्वा सेंटिमीटरची, जाड कवचाची, शंखाचं तोंड लहान. बोट लावलं की आत जाते, झाकण लावून घेते आणि बराच वेळ बाहेर डोकावत नाही. कातळावरची तिच्या जवळजवळ निम्म्याने लहान. कवच पातळ, तोंड मात्र ऐसपैस, आणि त्यातून बाहेर येणारा पाय अंगाच्या मानाने मोठा. हिला डिवचलं तरी ती फारशी बिचकत नाही, लगेच बाहेर येऊन चालू लागते. पहिलीच्या मुलखातून दुसरीच्या मुलखात जायला माणसाला दहा-वीस पावलं पुरतात. मधल्या त्या पट्ट्यात अधल्यामधल्या बांध्याच्या गोगलगायी सापडतात, म्हणजे दोघींच्या संकरातून झालेल्या. त्या धडधाकट असतात आणि त्यांना पुढे पिल्लंही होतात.

नवी प्रजाती कशी तयार होते हे आपण शाळेत साधारण असं शिकलो: एखाद्या प्राण्याच्या कळपाचे दोन भाग होतात, मध्ये डोंगर किंवा समुद्र येतो, हजारो-लाखो वर्षं दोघांची गाठ पडत नाही, आणि पुन्हा भेटतात तेव्हा ते एकमेकांना परके झालेले असतात. असं घडतंच. पण शार्नोच्या किनाऱ्यावर मध्ये ना डोंगर आहे ना समुद्र. दोन्हीकडच्या गोगलगायी भेटतात, जुळतात, जनुकांची देवाणघेवाण करतात, आणि तरीही वेगळ्या राहतात. हे कसं जमतं, या प्रश्नाने गेली चाळीसेक वर्षं शास्त्रज्ञांना या एवढ्याशा जिवाकडे ओढून नेलं आहे. मला स्वतःला उत्क्रांती समजून घ्यायला याहून चांगलं उदाहरण सापडलेलं नाही, कारण इथे सगळं मीटरमध्ये मोजता येतं.

आधी तिचा दिनक्रम पाहू. भरतीची रेषा आणि तिच्या वरचा, फक्त तुषार पोचतात तो पट्टा, ही तिची जागा. तिथे दिवसातले कित्येक तास पाणी नसतं. उन्हाळ्यात खडक तापतो, पाऊस पडला तर अंगावर गोडं पाणी, उत्तरेकडे हिवाळ्यात बर्फ. कल्ल्यांनी श्वास घेणाऱ्या प्राण्याला ही जागा खरं तर कठीण. ती त्यावर साधा उपाय करते: अंग आत ओढायचं, झाकण बंद करायचं, आणि शंखाची कड चिकट स्रावाने खडकाला डकवून ठेवायची. अशा अवस्थेत ती पाण्याविना दिवसेंदिवस तग धरते. ओल आली की बाहेर पडून खडकावरचा सूक्ष्म शेवाळाचा थर खरवडून खाते. त्यासाठी तिच्या तोंडात बारीक दातांच्या रांगा असलेली एक लांब पट्टी असते. दात झिजत जातात, मागून नवे येत राहतात.

आता खेकडा. उत्तर युरोपच्या किनाऱ्यांवर कार्सिनस मीनास हा हिरवट किनारी खेकडा सर्रास आढळतो, आणि धोंड्यांच्या फटी म्हणजे त्याच्या लपायच्या हक्काच्या जागा. तो गोगलगाय नांगीत धरतो, फिरवून फिरवून पाहतो आणि दाबतो. कवच फुटलं तर काम झालं. नाही फुटलं तर नांगीचं टोक शंखाच्या तोंडात घालून कड तुकड्या-तुकड्याने तोडत आत शिरतो. कवच जाड असेल तर पहिला डाव फसतो, तोंड लहान असेल तर दुसरा. धोंड्यांतल्या काही शंखांवर आडवी, वेडीवाकडी रेघ दिसते. तिथे एकदा कड मोडली होती, गोगलगाय वाचली आणि तिने पुढचं कवच तिथूनच वाढवलं. ती रेघ म्हणजे खेकड्याच्या तावडीतून सुटल्याची नोंद. अशा ठिकाणी बुजरेपणाही कामाचा. काही हललं की आत जायचं आणि लवकर बाहेर यायचं नाही, हे ज्यांना जमलं त्यांची पिल्लं पुढे आली.

उघड्या कातळावर खेकड्याला थारा नाही. लाट त्यालाच उचलून नेते. तिथे गोगलगायीची गाठ लाटेशी असते, आणि लाटेपुढे खेकड्याविरुद्धच्या साऱ्या युक्त्या उलट्या पडतात. मोठ्या शंखावर पाण्याचा जोर जास्त बसतो आणि तो खडकाच्या बारीक चिरेत मावत नाही. तोंड लहान म्हणजे पाय लहान, पाय लहान म्हणजे पकड कच्ची. बुजरेपणा तर सगळ्यात महागात पडतो, कारण आत जायचं म्हणजे पाय आवरायचा, आणि पाय आवरायचा म्हणजे खडक सोडायचा. लाट यायच्या वेळेला खडक सोडणारी गोगलगाय तिथे दुसऱ्या दिवशी नसते. म्हणून कातळावरच्या लहान, पातळ, रुंद तोंडाच्या आणि धीट.

संशोधक या दोन रूपांना सरळ "खेकडा-रूप" आणि "लाट-रूप" म्हणतात, आपणही तेच म्हणू. त्यांनी इकडच्या गोगलगायी खुणा करून तिकडे आणि तिकडच्या इकडे सोडूनही पाहिल्या. दोन्ही रूपं आपापल्या जागी जास्त टिकली. प्रयोगशाळेत सारख्या परिस्थितीत वाढवल्या तरी त्यांच्यातला बराचसा फरक कायम राहतो, म्हणजे तो मुख्यतः आईबापांकडून येतो, नुसत्या संगोपनातून नाही.

हे सगळं ठीक. पण लाटा आणि खेकडे जगभर आहेत. मग खडकावरची प्रत्येक गोगलगाय अशी मीटरामीटराला का बदलत नाही? उत्तर तिच्या बाळंतपणात आहे.

समुद्रातल्या बहुतेक शंखवाल्या गोगलगायी अंडी किंवा पिल्लं पाण्यात सोडून देतात. आपल्याकडे कोकणच्या कातळावर, भरतीच्या रेषेच्या वर, चिरांमध्ये दाटीवाटीने बसलेल्या लहान करड्या गोगलगायी याच लिटोरिना कुळातल्या. त्यांची अंडी समुद्रात जातात, त्यांतून निघालेली सूक्ष्म पिल्लं प्रवाहाबरोबर तरंगत राहतात, आणि खूप पुढे कुठल्या तरी खडकावर उतरतात. आई कुठे जगली आणि पिल्लू कुठे जगणार याचा एकमेकांशी संबंध नाही. अशा वेळी एका खडकापुरती खास घडण जमणं फार अवघड, कारण दर पिढीला सगळी पिल्लं ढवळून निघतात.

लिटोरिना सॅक्सॅटिलिस हे करत नाही. मादी अंडी पोटातच ठेवते. तिच्या अंगात एक पिशवी असते, आणि सूक्ष्मदर्शकाखाली ती उघडून पाहिली की वाढीच्या सगळ्या पायऱ्या एकदम दिसतात: एका बाजूला नुकतीच अंडी, मध्ये आकार घेत असलेले जीव, आणि दुसऱ्या टोकाला पुरती तयार झालेली पिल्लं, प्रत्येकाला आपला शंख. जन्मतात तेव्हा ती साधारण अर्ध्या मिलिमीटरची असतात आणि पहिल्या क्षणापासून खडकावर सरपटतात. एका मादीच्या पोटात अशी शेकडो असू शकतात. ती पोहत नाहीत, तरंगत नाहीत, आणि सगळं आयुष्य बहुधा काही मीटरांत काढतात. आई ज्या खडकावर वाचली त्याच खडकावर पिल्लांना जगायचं असतं. म्हणून तिथे जे कामाचं ठरलं ते तिथेच साठत जातं.

यावर कुणी म्हणेल, मग ही गोगलगाय एका कोपऱ्यात अडकून पडली असेल. घडलं नेमकं उलटं, आणि हा भाग मला सगळ्यात आवडतो. स्कॉटलंडच्या पश्चिमेला तीनशे किलोमीटरहून दूर, भर अटलांटिकमध्ये, रॉकऑल नावाचा एक एकाकी खडक उभा आहे. त्यावर लिटोरिना सॅक्सॅटिलिस आहे. लिटोरिना लिटोरिया, म्हणजे ब्रिटनमध्ये उकडून टाचणीने काढून खातात ती, मात्र नाही, जरी तिची पिल्लं पाण्यात तरंगत दूर जाऊ शकतात. स्वीडिश शास्त्रज्ञ केर्स्टिन योहानेसन यांनी 1988 मध्ये या कोड्यावर लिहिलं. तरंगत आलेलं पिल्लू अशा खडकावर चुकून उतरलं तरी ते एकटंच असतं. त्याला जोडीदार नाही, आणि जोडीदार मिळालाच तर त्यांची पिल्लं पुन्हा समुद्रात वाहून जाणार. त्याउलट शेवाळाच्या एखाद्या झुबक्यावर बसून पोटुशी सॅक्सॅटिलिस पोचली, तर ती एकटीच पुरे. पिल्लं तिथेच होतात आणि तिथेच राहतात.

शिवाय ती पिल्लं एका बापाची नसतात. 2010 मध्ये प्रसिद्ध झालेल्या एका अभ्यासात चार माद्यांच्या पोटातल्या पिल्लांची जनुकं तपासली, तर प्रत्येकीच्या पिल्लांना 15 ते 23 वेगवेगळे बाप निघाले. म्हणजे एक मादी म्हणजे जवळजवळ एक छोटी वस्तीच. एवढ्या नरांशी जुळून मादीला काय मिळतं? बहुधा फारसं काही नाही. नकार देत बसण्यात जास्त शक्ती जाते, असं संशोधकांचं मत आहे. या कुळातल्या दुसऱ्या काही प्रजातींत नर मादीच्या मागे राहिलेल्या चिकट वाटेवरून तिचा माग काढतो. सॅक्सॅटिलिसच्या नराला मात्र ती वाट नराची की मादीची हे ओळखता येत नाही असं दिसून आलं आहे. माद्यांनीच आपली ओळख त्या वाटेतून पुसून टाकली असावी, कारण जिथे गर्दी आहे तिथे आणखी नर मागे लागण्यात तोटाच जास्त.

अशी ही गोगलगाय अटलांटिकच्या दोन्ही काठांवर पसरली आहे. युरोपात थेट उत्तरेच्या स्वालबार्डपासून स्पेन-पोर्तुगालपर्यंत, पलीकडे अमेरिकेच्या पूर्व किनाऱ्यावर. भूमध्य समुद्रात ती जवळपास नाहीच, फक्त व्हेनिसच्या खाजणात आणि एड्रियाटिकच्या त्या उत्तर टोकाला तिची एक तुटलेली वस्ती आहे. सॅन फ्रान्सिस्कोच्या खाडीतही ती 1990 च्या दशकात सापडली. मासेमारीच्या आमिषाचे किडे पूर्व किनाऱ्यावरून ओल्या शेवाळात बांधून तिकडे पाठवत, त्या शेवाळातून ती गेली असावी.

आता मूळ प्रश्नाकडे. पिल्लं दूर जात नाहीत हे खरं, पण धोंडे आणि कातळ यांमधलं अंतर इतकं कमी आहे की दोन्ही रूपं सतत मिसळतात. मिसळत राहिल्यावर सगळ्या गोगलगायी मधल्याच होऊन जायला हव्यात. का होत नाहीत?

याचं एक उत्तर निवड कडक आहे हे. कातळावर चुकीच्या बांध्याची गोगलगाय फार दिवस राहत नाही. पण तेवढ्याने भागत नाही, कारण इथे एक गुण नव्हे तर गुणांचा संच लागतो. जाड कवच, लहान तोंड, मोठं अंग आणि बुजरा स्वभाव हे सगळं एकत्र असेल तरच खेकड्यापुढे टिकाव लागतो. आणि प्रत्येक पिढीत जनुकांचे हे संच मोडतात. आईकडून आलेलं गुणसूत्र आणि बापाकडून आलेलं गुणसूत्र, ही जोडी बीजपेशी तयार होताना एकमेकांशी तुकड्यांची अदलाबदल करते. त्यामुळे नातवंडांत जाड कवचाबरोबर धीट स्वभाव, रुंद तोंडाबरोबर मोठं अंग अशी नको ती सरमिसळ होते.

इथे गुणसूत्रातला एक जुना अपघात कामी येतो. कधी तरी गुणसूत्राचा एक लांब तुकडा सुटून उलटा जोडला गेलेला असतो. गुणसूत्र म्हणजे आगगाडी आणि जनुकं म्हणजे डबे असं धरा. दोन सारख्या गाड्या शेजारच्या रुळांवर उभ्या आहेत, डब्यासमोर तोच डबा आहे, तर मधल्या मधे डब्यांची अदलाबदल सहज होते. पण एका गाडीतले मधले आठ डबे उलट क्रमाने जोडलेले असतील तर समोरासमोर जुळणी होत नाही. अदलाबदल केली तर एका गाडीत एखादा डबा दोनदा येईल आणि एखादा गायब होईल. अशा गाड्या धावत नाहीत. परिणामी ते आठ डबे एकगठ्ठा राहतात आणि एकगठ्ठाच पुढच्या पिढीत जातात. एखाद्या उलट्या तुकड्यात खेकड्याविरुद्ध उपयोगी पडणारी काही जनुकं एकत्र सापडली, तर कितीही संकर झाला तरी तो संच फुटत नाही.

लिटोरिना सॅक्सॅटिलिसमध्ये गुणसूत्रांच्या 17 जोड्या आहेत. 2019 मध्ये शार्नोजवळच्या गोगलगायींवर प्रसिद्ध झालेल्या संशोधनात असे डझनाहून जास्त उलटे तुकडे आढळले. त्यांतल्या अनेकांचं प्रमाण धोंड्यांकडून कातळाकडे जाताना बदलतं: एका टोकाला एक मांडणी जास्त, दुसऱ्या टोकाला दुसरी. दर वेळी शंभर टक्के नाही, आणि मला वाटतं हे लक्षात ठेवण्यासारखं आहे. लाट-रूपातही खेकड्याकडचे काही संच थोड्या प्रमाणात शिल्लक असतात. ते का महत्त्वाचं, हे पुढे कळेल.

तोवर स्पेनला जाऊन येऊ. वायव्य स्पेनमधल्या गॅलिसियाच्या किनाऱ्यावर भरती-ओहोटीचा फरक मोठा, काही मीटरांचा. स्वीडनच्या त्या भागात तो अगदी किरकोळ. त्यामुळे गॅलिसियात दोन्ही रूपं शेजारीशेजारी नव्हे, तर वर-खाली राहतात. वरच्या पट्ट्यात खेकडे (तिथला खेकडाही वेगळ्या प्रजातीचा), म्हणून वर मोठ्या, जाड, पट्टेदार गोगलगायी. खालच्या पट्ट्यात शिंपल्यांचा थर आणि लाटांचा मार, म्हणून खाली लहान आणि गुळगुळीत. मध्ये दोन्ही भेटतात. या मधल्या पट्ट्यात जोड्या कशा जुळतात ते पाहिलं, तर बहुतेक आपापल्या रूपातच जुळतात. कारण गुंतागुंतीचं नाही. या गोगलगायींत नर साधारण आपल्याच मापाची किंवा जरा मोठी मादी पत्करतो. माप बदललं ते खेकड्यामुळे आणि लाटेमुळे, पण त्याच मापामुळे सोयरीकही आपोआप वेगळी झाली. नवी प्रजाती व्हायला जे लागतं, म्हणजे एकमेकांत न मिसळणं, ते इथे कुणी वेगळं घडवलं नाही, जगण्याच्या धडपडीतून ते पदरात पडलं.

ब्रिटनच्या किनाऱ्यांवरही हीच जोडी आहे. मग ही दोन रूपं एकदाच तयार होऊन सगळीकडे पसरली, की प्रत्येक ठिकाणी नव्याने घडली? जनुकांकडे पाहिलं तर स्पेनची दोन रूपं एकमेकींच्या जास्त जवळची, स्वीडनची दोन एकमेकींच्या. यावरून प्रत्येक ठिकाणी नव्याने घडली असं वाटतं. पण यात एक मेख आहे: दोन जुन्या, वेगळ्या जमाती शेजारी आल्या आणि मिसळत राहिल्या तरी कालांतराने त्यांची जनुकं जवळची दिसू लागतील. 2014 मध्ये रॉजर बटलिन आणि सहकाऱ्यांनी दोन्ही शक्यता गणिती प्रतिमानांनी ताडून पाहिल्या, आणि पारडं ठिकठिकाणी घडण्याच्या बाजूने झुकलं. मात्र घडवायचा माल पूर्णपणे नवा नव्हता. गुणसूत्रांतले ते उलटे तुकडे युरोपभर पसरलेले आहेत. जुनं भांडवल सगळीकडे तेच, आणि त्यातून जागोजागी तेच दोन बांधे उभे राहिले.

ही झाली मागे वळून बांधलेली कहाणी. ती खरी की नाही हे पाहायचं तर डोळ्यांसमोर घडायला हवं. तशी संधी एका दुर्घटनेतून मिळाली.

1988 च्या मे-जूनमध्ये स्वीडन, नॉर्वे आणि डेन्मार्क यांच्यामधल्या समुद्रात क्रायसोक्रोम्युलिना पॉलिलेपिस या एकपेशीय विषारी शैवालाची प्रचंड वाढ झाली. मासे मेले, किनाऱ्यावरचे असंख्य जीव मेले, आणि पाण्यालगतच्या लहान खडकांवरच्या लिटोरिना सॅक्सॅटिलिस समूळ गेल्या. ज्या प्रजातींची पिल्लं तरंगत येतात त्या काही वर्षांत परतल्या. हिची पिल्लं कुठून येणार? ते खडक रिकामेच राहिले.

1992 मध्ये योहानेसन यांनी अशा एका रिकाम्या खडकावर सुमारे 700 गोगलगायी नेऊन सोडल्या. तो खडक लाटांच्या माऱ्यातला, पूर्वी तिथे लाट-रूप होतं. सोडल्या त्या मात्र खेकडा-रूपाच्या. म्हणजे जागा चुकीची आणि बांधाही चुकीचा. पुढची तीस वर्षं त्या खडकावरून वेळोवेळी नमुने घेतले गेले. वर्षाला एक ते दोन पिढ्या होतात, तेव्हा हा काळ गोगलगायींच्या हिशोबाने बराच मोठा.

शंखांचा आकार पहिल्या काही पिढ्यांतच बदलायला लागला. कवचं पातळ होत गेली, माप घटलं, तोंड रुंदावलं. 2020 च्या आसपासचे नमुने शेजारच्या खडकांवरच्या लाट-रूपाशी ताडून पाहिले, तर त्यांत फारसा फरक उरला नव्हता. त्याहून मोलाची गोष्ट अशी की इतर किनाऱ्यांवरच्या माहितीवरून संशोधकांनी आधी अंदाज बांधला होता: शंख असा होईल, गुणसूत्रांचे अमुक उलटे तुकडे वाढतील, अमुक कमी होतील. डिएगो गार्सिया कॅस्टिलो, ॲन्या वेस्ट्राम, योहानेसन आणि सहकाऱ्यांनी 2024 मध्ये निष्कर्ष प्रसिद्ध केले तेव्हा तो अंदाज बहुतांशी खरा ठरल्याचं दिसलं. उत्क्रांतीत पुढचं सांगता येत नाही असं आपण सहज म्हणून जातो. इथे सांगता आलं.

एवढ्या लवकर कसं झालं? नवे बदल घडायची वाट पाहावी लागली नाही. लाटेला उपयोगी पडणारे संच त्या 700 खेकडा-रूपांतच थोड्या प्रमाणात दडलेले होते, आणि 160 मीटरहून थोड्या जास्त अंतरावरच्या लाट-रूपांतून अधूनमधून एखादी गोगलगाय वाहत येऊन आपला वाटा देत होती. शंभर टक्के कधीच नसतं ही मघाची गोष्ट इथे उपयोगी पडली. जी वस्ती आपल्या जागेला पूर्णपणे, शेवटच्या जनुकापर्यंत जुळवून बसली असती, तिच्यापाशी परिस्थिती उलटल्यावर काढायला काही शिल्लक नसतं. प्राणी वाचवायचे म्हणजे त्यांची संख्या वाचवायची, एवढाच विचार करणाऱ्यांनी हा प्रयोग जरूर वाचावा. संख्या 700 असूनही आतलं वैविध्य नसतं तर तो खडक बहुधा पुन्हा रिकामा झाला असता.

पोटात पिल्लं वाढवण्याची ही रीत तरी कुठून आली, हा प्रश्न उरतोच. तिची जवळची नातेवाईक लिटोरिना आर्काना ब्रिटनच्या खडकांवर तिच्याच शेजारी राहते आणि अंडी घालते. खडकाच्या फटीत चिकट गोळ्यात अंडी ठेवते. बाहेरून दोघी इतक्या सारख्या की भरवशाने ओळखायचं तर मादी उघडून पाहावी लागते: आत पिल्लांची पिशवी आहे, की अंड्यांभोवतीचा चिकट पदार्थ बनवणारी ग्रंथी. 2024 मध्येच शॉन स्टॅन्कोव्स्की आणि सहकाऱ्यांनी दोन्हींची संपूर्ण जनुकसंपदा तपासली. पिल्लं देण्याची रीत गेल्या एक लाख वर्षांतली, म्हणजे उत्क्रांतीच्या मापाने अगदी अलीकडची निघाली. ती एका जनुकाची करामत नाही. जनुकसंपदेत विखुरलेले साधारण 50 भाग मिळून ती ठरवतात, आणि ते एका झटक्यात नव्हे तर टप्प्याटप्प्याने जमा झाले. सस्तन प्राण्यांत हा बदल इतक्या मागे घडला की त्याच्या पायऱ्या आता वेगळ्या काढता येत नाहीत. या गोगलगायीत त्या अजून दिसतात.

याच अभ्यासातली एक गोष्ट चक्रावून टाकते. सगळी जनुकं धरून वंशवृक्ष काढला तर पिल्लं देणाऱ्या सगळ्या गोगलगायी एका फांदीवर येत नाहीत. काही ठिकाणच्या सॅक्सॅटिलिस अंडी घालणाऱ्यांच्या जवळ बसतात. फक्त त्या 50 भागांपुरतं पाहिलं तरच त्या एकत्र येतात. मग प्रजाती ठरवायची ती कशावरून, सगळ्या जनुकांवरून की त्या मोजक्या भागांवरून?

जुन्या निसर्ग-अभ्यासकांची याहून वाईट अडचण झाली होती, त्यांच्यापाशी तर फक्त शंख होते. इटालियन निसर्गतज्ज्ञ जुझेप्पे ओलिव्ही यांनी 1792 मध्ये व्हेनिसच्या खाजणातल्या नमुन्यांवरून या गोगलगायीला पहिलं नाव दिलं. त्यानंतर जो तो आपापल्या किनाऱ्यावरचे शंख पाहून नवी प्रजाती सापडल्याचं जाहीर करत गेला. जाड निराळी, पातळ निराळी, पट्ट्यांची निराळी, पिवळी निराळी. सागरी जीवांच्या जागतिक नोंदवहीची साफसफाई झाली तेव्हा या एका गोगलगायीच्या नावावर 113 वेगवेगळी शास्त्रीय नावं निघाली, त्या यादीतला उच्चांक. या माणसांना नावं ठेवणं मला योग्य वाटत नाही. त्यांना दिसलेले फरक खरे होते, पिढ्यान्‌पिढ्या टिकणारे होते, आणि त्यांच्यामागे लाट आणि खेकडा यांच्यासारखं ठोस कारण होतं. फक्त, फरक दिसला की प्रजाती वेगळी, हा तेव्हाचा नियम या प्राण्याला लागू पडत नव्हता.

राहिला खेकडा-रूप आणि लाट-रूप पुढे दोन प्रजाती होतील का हा प्रश्न. कदाचित होतील, पण ते ठरलेलं नाही. गॅलिसियात जोड्या बऱ्याच वेगळ्या जुळतात, तरी संकर होत राहतो. स्वीडनमध्ये मधल्या पट्ट्यात संकर अगदी सुखाने नांदतात. एखाद्या किनाऱ्यावरून खेकडे हटले तर तिथली दोन रूपं पुन्हा एकही होऊ शकतील, आणि खेकडे-लाटा दोन्ही कायम राहिल्या तर ती आणखी हजारो वर्षं अशीच अर्ध्या वाटेवर थांबतील. सॅक्सॅटिलिस आणि आर्काना यांना आपण बिनदिक्कत दोन प्रजाती म्हणतो, पण काही किनाऱ्यांवर त्यांच्यातही अधूनमधून संकर सापडतो.